कार्व्हरच्या शेजारी जॅक ट्राइसलाही बसवा : शिक्षक आणि ग्रंथपालांना खुलं पत्र

माझ्या शिक्षक आणि ग्रंथपाल मित्रमैत्रिणींनो,

सप्रेम नमस्कार.

मी सातारा जिल्ह्यातल्या एका माध्यमिक शाळेत ग्रंथपाल आहे. जूनमध्ये वाचनतास सुरू झाले की आठवीच्या वर्गात मी आधी अमेरिकेतल्या कृष्णवर्णीय शास्त्रज्ञाचं, जॉर्ज वॉशिंग्टन कार्व्हरचं, चरित्र उघडते. तुमच्यापैकी बऱ्याच जणांकडे हेच होत असणार. गुलामीत जन्मलेला, आईपासून तुटलेला, भुईमुगाच्या शेंगेतून जग उभं करणारा हा माणूस आपल्या मुलांना घरातल्या आजोबांइतका जवळचा वाटतो. गेल्या वर्षी त्याच तासाला एका मुलाने मला अडवलं. कार्व्हर 1891 साली आयोवा राज्यातल्या एम्स गावच्या शेतकी कॉलेजात दाखल झाला, तेव्हा त्याला इतर विद्यार्थ्यांबरोबर जेवू दिलं गेलं नाही, तळघरात शेतमजुरांबरोबर बसावं लागलं, इथपर्यंत मी आले होते. मुलगा उभा राहिला आणि म्हणाला, "बाई, त्याला तळघरात बसवणाऱ्यांचं पुढे काय झालं?"

मी म्हणाले, त्यांनाही पुढे त्याची योग्यता कळली. तो खाली बसला, पण त्याचं समाधान झालं नव्हतं. माझंही नाही. इतकी वर्षं मी ही गोष्ट अशा सुरात वाचत आले होते की जणू सगळी परीक्षा कार्व्हरचीच होती. तो सोसत गेला, शिकत गेला, पास झाला. ज्यांनी दार अडवलं होतं त्यांना मी कधी प्रश्नच विचारला नव्हता.

माझी भाची सध्या एम्सलाच शिकते. मुलाचा प्रश्न मी तिला फोनवर सांगितला. ती म्हणाली, "मावशी, आमच्या स्टेडियमला ज्याचं नाव आहे त्याच्याबद्दल वाच." तेव्हापासून मी जॅक ट्राइसबद्दल मिळेल ते वाचते आहे. हे पत्र त्यासाठीच लिहिते आहे. कार्व्हर सांगतो त्याच तासाला, त्याच गावातली, तीस वर्षांनंतरची ही दुसरी गोष्टही आपण सांगायला हवी असं मला मनापासून वाटतं.

जॅकचा जन्म 1902 सालचा, ओहायो राज्यातल्या हायरम नावाच्या लहानशा गावातला. वडील तो लहान असतानाच गेले. आई ॲना, आणि हा एकुलता एक. गाव जवळजवळ सगळं गोऱ्यांचं. मुलगा मोठा होऊ लागला तसं आईने त्याला क्लीव्हलँड शहरात मामा-काकांच्या घरी धाडलं. आपल्या माणसांत त्याने वावरावं आणि काळ्या मुलाला जगात कशाला तोंड द्यावं लागतं ते त्याला वेळीच कळावं, हा तिचा हेतू. ॲनाचा हा निर्णय लक्षात ठेवा, कारण या गोष्टीत शेवटी बोलणार आहे ती हीच बाई.

क्लीव्हलँडच्या ईस्ट टेक हायस्कूलमध्ये तो फुटबॉलपटू म्हणून नावाला आला. आपला फुटबॉल नव्हे, अमेरिकेतला. चेंडू हातात घेऊन धावायचं आणि समोरची फळी फोडायची. आमच्या मुलांना हा खेळ समजावताना मी कबड्डीचा आधार घेते. चढाई, पकड, अंगावर अंग, असं म्हटलं की पाच मिनिटांत त्यांना कळतं. शाळेतले प्रशिक्षक सॅम विलमन यांना 1922 मध्ये एम्सच्या त्याच शेतकी कॉलेजने, आयोवा स्टेट कॉलेजने, बोलावलं. त्यांच्यामागोमाग त्यांचे काही खेळाडूही तिकडे गेले आणि त्यांत जॅक होता. त्या कॉलेजच्या कुठल्याही खेळात संघात आलेला तो पहिला कृष्णवर्णीय खेळाडू. तिथेच शिकत असताना कार्व्हर फुटबॉलपटूंचं अंग चोळून द्यायचा, मालिश करायचा. मैदानाच्या कडेला काळ्या माणसाला जागा होती. मैदानात उतरायला पुढची तीस वर्षं लागली.

जॅकने विषय घेतला पशुसंवर्धन. शिकून दक्षिणेत जायचं आणि तिथल्या काळ्या शेतकऱ्यांच्या उपयोगी पडायचं, हे त्याने मनाशी ठरवलं होतं. अगदी कार्व्हरसारखंच. तो कॉलेजात नोकरी करून स्वतःचा खर्च भागवायचा. 1923 मध्ये त्याने कोरा मे हिच्याशी लग्न केलं आणि तीही एम्सला शिकू लागली. पहिल्या वर्षाच्या विद्यार्थ्यांना तेव्हा मुख्य संघात घेत नसत, म्हणून त्याची खरी संधी दुसऱ्या वर्षी आली. इथेही सगळं मैदान त्याला मोकळं नव्हतं. ज्यांच्याशी सामने व्हायचे त्यांतली मिझुरीसारखी विद्यापीठं काळा खेळाडू समोर उभाच करू देत नसत. असा सामना असला की अशा खेळाडूने मुकाट्याने बाहेर बसायचं. या रीतीला तिकडे "सभ्य माणसांमधला करार" म्हणत. वर्गात मी हे नाव फळ्यावर लिहिते आणि मुलांना विचारते की या करारावर सही करायला कोणाकोणाला बोलावलं असेल.

त्या मोसमातला पहिला सामना झाला सिम्प्सन कॉलेजशी. हे नाव तुम्ही वाचलेलं आहे. एम्सला येण्याआधी कार्व्हर जिथे चित्रकला शिकला ते हेच कॉलेज. सिम्प्सन लहान होतं. खरी कसोटी पुढच्या आठवड्यात होती, 6 ऑक्टोबरला, मिनिआपोलिस शहरात, मिनेसोटा विद्यापीठाच्या बलाढ्य संघाविरुद्ध. आदल्या रात्री एकवीस वर्षांच्या जॅकने कर्टिस हॉटेलच्या कागदावर स्वतःलाच एक पत्र लिहिलं. मी ते मराठीत आणलं आहे ते असं:

"माझ्या आयुष्यातल्या पहिल्या खऱ्या कॉलेज सामन्याच्या आधी माझ्या मनात आलेलं: माझ्या वंशाची, माझ्या घराची आणि माझी स्वतःची अब्रू पणाला लागली आहे. मी काहीतरी मोठं करून दाखवीन अशी सगळ्यांची अपेक्षा आहे. मी दाखवीन. उद्या मैदानावर माझं सगळं शरीर आणि सगळा जीव मी बेधडक झोकून देणार आहे. चेंडू खेळात आला की दर वेळी माझ्या वाट्याहून जास्त करायचा प्रयत्न करीन."

यापुढे खेळाच्या सूचना आहेत. समोरची फळी फोडून त्यांचा डाव त्यांच्याच हद्दीत थांबवायचा, घोळक्याने अंगावर येतील तेव्हा सावध राहायचं. "खाली वाकून लढ, डोळे उघडे ठेव, नजर खेळावर ठेव," असं लिहून शेवटी सही, जॅक.

माझी विनंती आहे की हे पत्र तुम्ही वर्गात सावकाश वाचा. सुरुवातीला तो "मी" म्हणतो. मध्येच "तू" होतो. वडीलधारं माणूस समजावतं तसा स्वतःलाच समजावू लागतो, कारण त्या खोलीत समजावणारं दुसरं कोणी नव्हतं. आणि क्रम पाहा. वंश आधी, मग घर, मग आपण. संघातल्या बाकीच्या मुलांच्या डोक्यावर त्या रात्री एका सामन्याचं ओझं असेल. त्याच्या डोक्यावर लाखो माणसांची अब्रू होती आणि ती त्याला कोणी विचारून दिलेली नव्हती. पहिलेपणाचं कौतुक करताना आपण हे ओझं विसरतो. वर्गातली एकटी मुलगी, वस्तीतून आलेला एकटा मुलगा चुकला की "यांचं असंच असतं" असं कोणीतरी म्हणतं आणि त्याची एक चूक सगळ्यांची होते. आपल्या वर्गांत अशी मुलं बसलेली आहेत. त्यांना या पत्रातली पहिली ओळ समजावून सांगावी लागत नाही.

सामन्यात दुसऱ्याच चालीत त्याच्या खांद्याजवळचं हाड, गळपट्टीचं हाड, मोडलं. तो खेळत राहिला. तिसऱ्या सत्रात त्याने धावून येणाऱ्यांच्या पायांत स्वतःला झोकून दिलं आणि उताणा पडला. मिनेसोटाचे तीन खेळाडू त्याला तुडवून गेले. त्याला बाहेर नेत असताना प्रेक्षकांतून "आम्हाला वाईट वाटतं, एम्स," असा घोष झाला. सामना मिनेसोटाने 20-17 असा जिंकला. मिनिआपोलिसच्या डॉक्टरांनी तो प्रवासाला ठीक आहे असं सांगितलं. त्याला आगगाडीने एम्सला आणलं. फुप्फुसांत आणि पोटात रक्तस्राव चालू होता. 8 ऑक्टोबर 1923 रोजी दुपारी तो गेला. कितीतरी वर्षांनी, 1988 मध्ये कोरा मेने लिहून ठेवलं की त्याने डोळे उघडून तिच्याकडे पाहिलं पण तो बोलला नाही. कॉलेजच्या घंटाघरात तीनचे ठोके पडलेले ऐकू आले, आणि तो गेला होता.

तुडवलं ते मुद्दाम की खेळाच्या धुमश्चक्रीत? मुलं हे विचारतातच. शंभर वर्षं हा वाद चालू आहे. मिनेसोटाने हेतू नाकारला, आणि ज्यांनी जवळून पाहिलं त्यांच्यातही एकमत नव्हतं. म्हणून मी वर्गात "त्याला मारलं" असं म्हणत नाही, तुम्हीही म्हणू नका. पण "तो अपघात होता" असंही म्हणू नका. त्याऐवजी जॉनी ब्राइट सांगा. तोही काळा फुटबॉलपटू, आयोवातल्याच डी मॉइनच्या ड्रेक विद्यापीठाचा, देशातल्या सर्वोत्तम खेळाडूंपैकी एक. 20 ऑक्टोबर 1951 रोजी ओक्लाहोमातल्या स्टिलवॉटर इथे, चेंडू त्याच्याजवळ नसताना, यजमान विद्यापीठाच्या एका गोऱ्या खेळाडूने त्याच्या तोंडावर प्रहार करून जबडा मोडला. या वेळी मात्र डी मॉइनच्या वर्तमानपत्राचे दोन छायाचित्रकार कॅमेरा रोखून बसले होते. छायाचित्रांची मालिका देशभर छापली गेली, तिला पुलित्झर पारितोषिक मिळालं. तरीही त्या यजमान विद्यापीठाने माफी मागितली ती 2005 मध्ये, ब्राइट वारल्यानंतर बावीस वर्षांनी. पुरावा समोर असताना चोपन्न वर्षं लागली. जॅकच्या सामन्याचा असा पुरावा नाही. मुलांना एवढं सांगितलं की ती स्वतः विचार करतात.

माझ्या क्रीडाशिक्षक मित्रांशी मला इथे वेगळं बोलायचं आहे. मोडक्या हाडानिशी तो खेळला हा भाग क्रीडादिनाच्या भाषणात घालायचा मोह तुम्हाला होईल. कृपा करून घालू नका. तालुक्याच्या कबड्डी स्पर्धेत आमची एक मुलगी मनगट सुजलेलं असताना दोन सामने खेळली. आम्ही टाळ्या वाजवल्या. चार दिवसांनी प्लास्टर घातलेला हात घेऊन ती पुस्तक बदलायला आली, तेव्हा कळलं की हाड आधीच मोडलं होतं. तिने सांगितलं नाही, कारण तिला वाटलं, सांगितलं तर पुढच्या वर्षी घेणार नाहीत. जॅकने दुखणं का दाबलं असेल ते मला त्या दिवशी कळलं. ज्याची जागा पक्की असते तो दुखतंय म्हणून बसू शकतो. ज्याची जागा उपकारासारखी दिलेली असते त्याला बसता येत नाही.

9 ऑक्टोबरला कॉलेजच्या मधल्या हिरवळीवर तीन-चार हजार विद्यार्थी आणि प्राध्यापक जमले. अंत्यविधीच्या आधी त्याच्या कोटाच्या खिशात ते पत्र सापडलं होतं. अध्यक्ष रेमंड पीअरसन यांनी ते सर्वांसमोर वाचलं. विद्यार्थ्यांनी 2,259 डॉलर गोळा करून आई आणि पत्नीला दिले. मिनेसोटाशी खेळण्याचा करार कॉलेजने पुढे चालू ठेवला नाही. ते दोन संघ पुन्हा समोरासमोर आले ते 1989 मध्ये. व्यायामशाळेत एक धातूची पाटी लावली गेली. मग तिच्यावर धूळ बसली.

ही धूळ पुसली ती मुलांनी, आणि म्हणून हे पत्र मी शिक्षकांना लिहिते आहे. 1957 मध्ये एका विद्यार्थी-पत्रकाराने त्या पाटीमागची हकीकत लिहून काढली. 1973 च्या सुमारास इंग्रजीच्या एका प्राध्यापकाच्या वर्गाने हा विषय हातात घेतला. लेखनाचा वर्ग होता तो, निबंध लिहिणाऱ्या पहिल्या वर्षाच्या पोरांचा. नवं स्टेडियम बांधलं जात होतं, त्याला जॅक ट्राइसचं नाव द्या, ही त्यांची मागणी. स्टेडियम 1975 मध्ये खुलं झालं, नाव लागलं संघाचं, सायक्लोन. 1984 मध्ये तडजोड झाली, मैदान ट्राइसचं आणि स्टेडियम सायक्लोनचं. विद्यार्थ्यांनी मग स्वतः पैसे उभे केले आणि 1988 मध्ये त्याचा पुतळा बसवला. हातातलं पत्र वाचणारा जॅक. हा पुतळा आधी कार्व्हरच्या नावाच्या इमारतीजवळ होता, हे कळल्यावर मी बराच वेळ पुस्तक मिटून बसले. 1997 मध्ये अखेर संपूर्ण स्टेडियमला त्याचं नाव मिळालं. मागणी करणारी पहिली मुलं तोवर चाळिशी ओलांडून गेली असतील. दर चार वर्षांनी नवी मुलं येत होती, आणि जुन्यांनी सोडलेली मागणी उचलून पुढे नेत होती. 2022 मध्ये विद्यापीठाने त्याला मरणोत्तर पदवीही दिली, पशुसंवर्धनाची.

परदेशातली भिंत दाखवताना आपल्या अंगणातली झाकायची नाही, हेही मी ठरवलं आहे. पुण्यात इंग्रजांच्या क्लबची खेळपट्टी राखणारा पळवणकर बाळू त्याच क्लबच्या साहेबांना तासन्‌तास गोलंदाजी करायचा. पुढे पुण्यातल्या हिंदूंच्या संघाने बळी मिळवायला त्याला बोलावलं, पण चहाच्या वेळी त्याने तंबूबाहेर बसून मातीच्या वेगळ्या भांड्यातून प्यायचं, कारण तो चांभार. 1911 मध्ये भारताच्या पहिल्या इंग्लंड दौऱ्यात त्याने शंभरावर बळी घेतले. तरी हिंदू संघाचं कर्णधारपद त्याला कधी कायमचं दिलं गेलं नाही. ते मिळालं त्याचा धाकटा भाऊ विठ्ठल याला, 1923 मध्ये. जॅक गेला तेच वर्ष. आमच्या वर्गात मी फळ्याच्या एका बाजूला एम्सचं तळघर लिहिते आणि दुसऱ्या बाजूला पुण्याचं मातीचं भांडं. मग कोणी विचारत नाही की बाई, अमेरिकेतली माणसं अशी कशी.

आता त्या मुलाच्या प्रश्नाकडे येते. तळघरात बसवणाऱ्यांचं काय झालं? काही बदलले. काही तसेच राहिले आणि तीस वर्षांनी सामन्यांचे करार करत राहिले. कार्व्हर जिंकला म्हणून दार उघडं राहिलं नाही, पुढच्याला ते पुन्हा खांद्याने ढकलावं लागलं. फक्त कार्व्हर सांगितला तर मुलांना वाटतं की चांगलं वागलं, कष्ट केले, सोसलं की सगळं ठीक होतं. जॅकने हे सगळं केलं होतं. अभ्यास, नोकरी, खेळ, नम्रपणा, कशात कमी नव्हता. जिची काहीच चूक नसताना वाटा बंद झाल्या अशी एखादी मुलगी वर्गात असेल, तर तिला निदान हे कळू दे की दोष तिच्या कष्टांत नव्हता.

ॲनाबद्दल सांगायचं राहिलं. मुलाच्या मृत्यूनंतर तिने अध्यक्ष पीअरसन यांना पत्र लिहिलं. जॉन ट्राइसच्या (जॉन हे जॅकचं मूळ नाव) जगण्यात आणि मरण्यात एम्सला येणाऱ्या काळ्या विद्यार्थ्यांना प्रेरणा देणारं काही असेल, तर तो व्यर्थ जगला आणि मेला नाही, असं ती म्हणते. बहुतेक ठिकाणी पत्र इथेच थांबवतात. पुढची वाक्यं अशी आहेत: "पण अध्यक्ष महाशय, त्याला मिळालेल्या मानाचा मला अभिमान असला तरी माझं म्हणून जे होतं तो एवढाच होता. मी म्हातारी आहे आणि एकटी आहे. पुढचे दिवस उदास आणि एकाकी आहेत." तुम्ही वाचाल तेव्हा ही वाक्यं गाळू नका. वर्ग गप्प होईल. होऊ द्या. लगेच प्रश्नोत्तरं सुरू करू नका.

माझी मागणी फार मोठी नाही. पाठ्यपुस्तक बदलेल तेव्हा बदलेल. आपल्या हातात आठवड्याचा एक वाचनतास आहे. मी दोन्ही पत्रं मराठीत मोठ्या अक्षरांत लिहून आमच्या ग्रंथालयातल्या कार्व्हरच्या चरित्राच्या शेवटच्या पानामागे चिकटवली आहेत. ज्याला हवी असतील त्याने कळवावं, मी हाताने उतरवून पाठवीन. ऑक्टोबरच्या 8 तारखेला, दुपारी तीनच्या घंटेआधी, आमच्याकडे ती वाचली जाणार आहेत. जॅकचं पत्र गेल्या वर्षी प्रश्न विचारणारा तो मुलगा वाचेल, त्याने स्वतः मागून घेतलं आहे. ॲनाचं कोणी वाचायचं ते अजून ठरलेलं नाही. तीन मुलींनी घरी नेऊन वाचून पाहिलं आणि परत आणून दिलं. कोणी तयार झालं नाही तर मी वाचीन.

आपली,
एक शालेय ग्रंथपाल